घरच्या घरी पाहुणी

४ ऑक्टोबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. कानातलं नवं यंत्रही नुसत्या शिट्ट्या मारतं म्हणतेस, म्हणजे आता फोनचं नाव काढायलाच नको. जन्मभर टेलिफोनच्या खात्यात बसून लोकांची बोलणी जोडून दिलीस आणि आता तुझ्याशी बोलायचं तर पोस्टाचं तिकीट लागतं. माझी काही तक्रार नाही. साळुंकी हे नाव तूच ठेवलंस, तेव्हा माझी बडबड तुला वाचावीच लागणार.

घरी सगळे बरे आहेत. दादाच्या ड्रायव्हिंग स्कूलमध्ये दुसरी गाडी आली. पहिल्याच दिवशी एका काकांनी ती फाटकाला घासली. दादा दोन दिवस घुश्शात होता. वहिनीला दातांच्या दवाखान्यात सकाळची पाळी मिळाली. दिवसभर नावं पुकारून तिचा घसा बसतो, त्यामुळे घरी आली की ती खुणांनीच बोलते. बाबा आहेत तसेच. गॅलरीतल्या स्टुलावर बसून खालच्या लॉन्ड्रीत येणारी-जाणारी माणसं बघतात. आई गेल्यापासून ताटही तिकडेच नेतात. स्वयंपाकघरातलं टेबल भिंतीला लावलंय, खुर्च्या मावतात तीन, आणि आम्हीही तिघंच. असं कुणी ठरवलं नव्हतं, होत गेलं.

तू विचारलंस की एवढी वर्षं शिकून मी आता नेमकं काय शिकते आहे. आमच्या बाई सांगतात ते तुला सांगते. रोजचं जगणं आपोआप चालतं असं आपल्याला वाटतं, पण ते आपण सगळे मिळून चालवत असतो. कुणी कुठे बसायचं, कुणाला काय विचारायचं, काय विचारायचं नाही, हे कुठेही लिहिलेलं नसतं आणि तरी सगळ्यांना पाठ असतं. समाजशास्त्राला हेच उलगडायचं असतं, आणि ते उलगडायचा एक मार्ग म्हणजे मुद्दाम थोडंसं चुकायचं. बाईंनी एका मुलाला लिफ्टमध्ये दाराकडे पाठ आणि लोकांकडे तोंड करून उभं राहायला सांगितलं. त्याने कुणाला धक्का मारला नाही की चकार शब्द काढला नाही, तरी एक गृहस्थ आपला मजला यायच्या आधीच उतरून जिन्याने गेले! लिफ्ट म्हटल्यावर मला बाबा आठवले. इतकी वर्षं लिफ्टच दुरुस्त केल्या त्यांनी. त्यांना हे सांगावं असं मनात आलं होतं, पण घरी आले आणि राहून गेलं.

आता माझी पाळी आहे. एक संध्याकाळ आपल्याच घरात पाहुण्यासारखं वागायचं आणि घरच्यांचं काय होतं ते लिहून द्यायचं. वहिनी मला लाटण्याने मारणार बहुतेक.

उत्तर सावकाश लिही, पण लिही. लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.

तुझी,
साळुंकी

११ ऑक्टोबर

चि. साळुंकीस,
अ. उ. आ.

पत्र वाचून बरीच करमणूक झाली. तुमच्या बाईंना पगार मिळतो का ह्याचा? मग मीही समाजशास्त्रीच म्हणायची. आमच्या खात्यात नंबर विचारायचा एक ठरलेला सूर असायचा. एकदा कंटाळून मी जरा मायेने विचारलं, तर पलीकडच्या माणसाने घाबरून फोनच ठेवला आणि वर तक्रार केली की तुमची बाई ठीक दिसत नाही.

कर बाई तुझा प्रयोग, पण वहिनीची चेष्टा होणार नाही एवढं बघ. ती दमून येते. आणि दादाच्या नाकावर राग असतो हे मी तुला सांगायला नको.

बाबांचं वाचून मात्र वाईट वाटलं. तो एके काळी किती बोलका होता ह्याची तुला कल्पना नाही. लहानपणी त्याला गप्प बसवायला मी त्याच्या तोंडात पेरूची फोड कोंबत असे. आता मी बहिरी झाले आणि तो मुका, म्हणजे आईबापांच्या पोटी जोडी बरी जमली. त्याला म्हणावं, बहीण अजून आहे, दोन ओळी टाकत जा.

माझा गुडघा कुरकुरतो, बाकी ठीक. माया आहे ती कळवायची नसते, तरी कळवते.

तुझी,
आत्या

१८ ऑक्टोबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

प्रयोग झाला, आणि असा झाला की मला अजून कळत नाही काय झालं ते.

पहिल्या संध्याकाळी मी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून वहिनीला विचारलं की मी आत येऊन पाणी घेतलं तर चालेल का. ती आधी हसली. मग तिने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला. जेवताना मी भाजी छान झाल्याचं सांगितलं आणि आणखी थोडी मिळेल का असं विचारलं, तेव्हा तिने डाव आपटला आणि बसलेल्या घशाने म्हणाली की काही खुपत असेल तर सरळ सांग, असले टोमणे नकोत. दादा म्हणाला, हिला गाडी हवी असणार, नाहीतर एवढी गोडी कशाला. म्हणजे बघ, मी एकही वाईट शब्द बोलले नाही आणि दोघं माझ्यावर उखडले.

मग गॅलरीत गेले. बाबांना विचारलं, इथे बसू का, आणि तुमचा आजचा दिवस कसा गेला. त्यांनी आधी मागे वळून पाहिलं, मी आणखी कुणाशी बोलते आहे की काय म्हणून. आणि मग आत्या, त्यांनी सांगितलं! लॉन्ड्रीतल्या माणसाने मुलगी परगावी गेल्यापासून दुकान उशिरा उघडायला सुरुवात केली आहे. समोरच्या इमारतीतल्या लिफ्टचा आवाज बदललाय, दोर ढिला झाला असणार, पण ह्यांचं कोण ऐकणार. मी ऐकत बसले.

बाईंनी एकच संध्याकाळ सांगितली होती. मी दुसऱ्या दिवशीही बाबांना विचारलं. तिसऱ्या दिवशी, आमच्याबरोबर जेवाल का, असंही विचारलं. ते उठलेच. टेबल भिंतीपासून ओढावं लागलं, दादा कुरकुरला, वहिनीने चौथी खुर्ची पुसून आणली. आता ते रोज येतात. दाढी करून येतात. काल त्यांनी बंद पडलेल्या लिफ्टमधल्या माणसांच्या गोष्टी सांगितल्या. वरून अंधारात काम करताना ते आत अडकलेल्यांशी सारखे बोलत राहायचे. आज घरी काय रांधणार, मुलं कितवीत आहेत, असलं काहीही. बोलणं चालू असलं की माणूस घाबरत नाही म्हणे. एका बाईने तर सुटका झाल्यावर, आपलं बोलणं अर्धंच राहिलं म्हणून तक्रार केली. वहिनी ठसका लागेपर्यंत हसली. दादाही हसला, पण तोंड फिरवून.

मला हे थांबवावंसं वाटत नाही. पण अहवाल पुढच्या आठवड्यात द्यायचा आहे, आणि नियम असा की शेवटी घरच्यांना खरं काय ते सांगायचं. ज्यांच्याबद्दल लिहायचं त्यांची परवानगीही घ्यायची. बघू.

गुडघ्याला जप, आणि मला विसरू नकोस.

तुझी,
साळुंकी

२१ ऑक्टोबर

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

बऱ्याच काळाने लिहीत आहे. अक्षर लागलं नाही तर रागावू नकोस, हाताला सवय राहिली नाही.

मी बरा आहे. हल्ली सगळ्यांबरोबर टेबलावर जेवतो. धाकटी संध्याकाळी आली की माझ्याजवळ बसते. काय झालं, कसं झालं विचारते. काहीच झालेलं नसतं गं, दिवसभर मी बसूनच असतो. म्हणून आता दुपारी मुद्दाम खाली चक्कर मारून येतो, तिला सांगायला काहीतरी हवं. समोरच्या इमारतीच्या वॉचमनला त्या लिफ्टच्या दोराचं सांगून आलो. त्याने माणूस बोलावला, दोर बदलला. तेही तिला सांगितलं.

काल तिला तिच्या आईचं एक सांगितलं. हॉस्पिटलमधलं. कुणापाशी बोललो नव्हतो, तुझ्यापाशीही नाही. तिने मधे काही विचारलं नाही, नुसतं ऐकलं. रात्री झोप चांगली लागली.

पोर मोठी झाली अक्का. आईसारखी झाली.

तुझ्या तब्येतीचं कळव. तुझी सावली आहे तोवर मी धाकटाच.

तुझा भाऊ

२७ ऑक्टोबर

चि. साळुंकीस,
अ. उ. आ.

हे पत्र घाईने लिहिते आहे, आजच्याच टपालात पडायला हवं.

बाबांचं पत्र काल आलं. मी ते कितीदा वाचलं ते सांगत नाही. त्यातलं काय ते तुलाही सांगणार नाही, ते त्याचं आणि माझं. एवढंच लिहिते की हा माणूस हल्ली सकाळी उठतो तो संध्याकाळची वाट बघत.

तेव्हा माझं ऐक. तो अभ्यास होता हे त्याला सांगू नकोस. तुझा नियम असेल, तो मला कळतो. मीही नियमाची नोकरी केली आहे. पण नियम पाळायचा तर बाईंना जाऊन सांग की मला काही लिहायचं नाही, शून्य मार्क द्या. दादाला नि वहिनीला सांगायचं तर सांग, ते हसतील आणि विसरतील. त्याला नको. तू विचारत राहा, तो सांगत राहील, आणि हे सुरू कशाने झालं ते कुणाच्या लक्षातही राहणार नाही. सगळ्या घरांतलं प्रेम काय मुहूर्त काढून सुरू झालेलं असतं का?

एवढं माझं ऐकच. उलट टपाली कळव.

तुझी,
आत्या

२७ ऑक्टोबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

आत्या, मी फार मोठी चूक करून बसले आहे.

काल रात्री जेवताना सांगितलं. वाटलं होतं सगळे मिळून हसतील. वहिनी हसलीही, टोमणे नव्हते म्हणून सुटल्यासारखी. दादा म्हणाला, म्हणजे गाडी नको होती तर. बाबाही हसले. हसत हसत म्हणाले, हो का, अभ्यास होता होय. मी तिथेच थांबले असते तर निभावलं असतं कदाचित.

पण मला परवानगी घ्यायची होती. बाबांना न विचारता काही लिहायचं नाही हे मी पक्कं ठरवलं होतं, आणि आपण फार सचोटीने वागतो आहोत असंच मला वाटत होतं. म्हणून मी टेबलावरच, सगळ्यांसमोर विचारलं, की त्यांनी आईच्या शेवटच्या दिवसांबद्दल जे सांगितलं ते अहवालात घालू का, नाव येणार नाही.

दादाने विचारलं, कसलं सांगितलं. बाबा काही बोलेनात. दादाने मला विचारलं. आणि मी सांगितलं, आत्या. त्या क्षणी गप्प बसणंच मला लपवाछपवी वाटली. आता तुलाही सांगते आहे, तेही बरोबर की चूक मला कळेनासं झालंय. आई हॉस्पिटलात बाबांना सारखी म्हणायची की काहीतरी बोला ना माझ्याशी. आणि बाबांना शब्द सुचत नव्हता. अनोळखी माणसांशी तासन् तास बोलणारे बाबा आईच्या खाटेशी चादरीच्या कडेला घड्या घालत बसायचे. शेवटी आई शेजारच्या खाटेवरच्या बाईशी बोलत राहिली आणि बाबा ते ऐकत राहिले.

दादाचा चेहरा कसा झाला ते मी लिहू शकत नाही. तो म्हणाला, तुम्हा दोघांना बोलता यावं म्हणून मी बाहेरच्या बाकावर बसायचो. आत यायचं असूनही यायचो नाही. मला वाटायचं तुम्ही बोलताय. एवढंच म्हणाला आणि ताट घेऊन मोरीकडे गेला.

बाबा उठले. खुर्ची जागेवर सरकवून ठेवली आणि मला म्हणाले, घाल, तुझ्या उपयोगाचं असेल तर घाल.

आज ते गॅलरीतच जेवले. मला लिही काहीतरी. रागव, पण लिही.

तुझी,
साळुंकी

४ नोव्हेंबर

चि. साळुंकीस,
अ. उ. आ.

आपली पत्रं वाटेत एकमेकींना ओलांडून गेली. माझं तुझ्या हाती पडलं असेल तेव्हा त्याला काही अर्थ उरला नव्हता. फोन ऐकू येत असता तर त्याचं पत्र आलं त्याच संध्याकाळी तुला अडवलं असतं. स्वतःच्या कानांचा मला एवढा संताप कधी आला नव्हता.

रागावत नाही. रागावून काय करू? वाईटपणा तुझ्यात नव्हता हे मला माहीत आहे. पण साळुंके, त्याने ते तुला सांगितलं होतं. दादाला एक दिवस त्याने स्वतः सांगितलं असतं, कदाचित नसतंही. ते त्याच्या हातात होतं.

दुसरी बातमी म्हणजे तो इथे आला आहे. तुम्हाला चार दिवसांसाठी जातो असं सांगून निघाला असेल. बॅग बघता चार दिवसांची वाटत नाही, हत्यारांची पेटीही आणली आहे. मी पुढची खोली रिकामी करून दिली. मला ऐकू येत नाही, त्यामुळे त्याला बोलावं लागत नाही आणि न बोलल्याचं वाईटही वाटत नाही. दोघं आपापला पेपर वाचतो.

दादाची विचारपूस कर. त्या घरात त्याचंही काही हरवलं आहे.

तुला जवळ घेते आहे असं समज.

तुझी,
आत्या

१३ नोव्हेंबर

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

बाबा निघाले त्या दिवशीचं तुला सांगायचं राहिलं. सकाळी मी गॅलरीत जाऊन त्यांच्याशेजारी बसले आणि झोप लागली का असं विचारलं. ते म्हणाले, बरी लागली. मग अगदी साध्या आवाजात विचारलं, हेही लिहायचं असतं का गं? त्यात कडवटपणा नव्हता. त्यांना खरंच ठाऊक नव्हतं आणि माहीत करून घ्यायचं होतं. मी नाही म्हटलं. ते बरं म्हणाले. पण आत्या, माझं ‘नाही’ त्यांच्यापर्यंत पोचलं नाही. आता मी काहीही विचारलं की ते आधी त्यामागचा अभ्यास शोधणार.

तुला एक सांगते, तू तरी विश्वास ठेव. पहिल्या संध्याकाळी तो प्रयोग होता. दुसऱ्याही. पण टेबल ओढलं त्यानंतर मी पाहुणी-बिहुणी काही नव्हते. कॉलेजातून येताना मी जिना भरभर चढायचे, आज बाबा काय सांगतील म्हणून. हे मी कुणाला कसं पटवू? बाई वर्गात म्हणायच्या की माणसं एकमेकांच्या शब्दावर भरवसा ठेवतात म्हणून घर उभं असतं, आणि तो भरवसा दिसत नाही म्हणून अभ्यासायचा. मी ते छान टिपून घेतलं होतं.

अहवाल मी दिलाच नाही. बाईंना भेटून सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या की एक संध्याकाळ का सांगितली होती ते त्यांनी नीट समजावून सांगायला हवं होतं, ती त्यांची चूक. चूक त्यांची नव्हती. दुसरा विषय घे म्हणाल्या. घेईन.

दादा माझ्याशी कामापुरतं बोलतो. वहिनीने मला सांगितलं की तो परवा गाडी शिकवून झाल्यावर एकटाच त्या हॉस्पिटलकडे गेला होता, आणि आत न जाता परत आला. वहिनीच आता आम्हा दोघांच्या मधे बोलते, बसलेल्या घशाने. टेबल पुन्हा भिंतीला लागलंय. मी लावलं नाही, कुणी लावलं ते विचारलंही नाही.

बाबांना माझा नमस्कार सांग. मी येऊ का, तेवढं विचार.

तुझीच,
साळुंकी

३० नोव्हेंबर

चि. साळुंकीस,
अनेक आशीर्वाद.

अक्काने तुझी सगळी पत्रं मला वाचायला दिली. तिने द्यायला नको होती, पण दिली, आणि मी वाचली. तू जिना भरभर चढायचीस हे वाचलं.

मी तुझ्यावर रागावलेलो नाही. त्या दिवसांत मला आनंद झाला होता, तो काही खोटा नव्हता. तुझं काय होतं ते तू लिहिलं आहेस आणि मी ते खरं मानायचं ठरवलं आहे. ठरवावं लागतं आहे एवढंच वाईट वाटतं. पूर्वी ठरवावं लागत नव्हतं.

दादाला त्याच्या आईचं मी स्वतः सांगायला हवं होतं. तो बाहेर बाकावर बसायचा ते मला माहीत होतं. मला वाटायचं त्याला आत बघवत नाही. त्याला पत्र लिहायला बसलो होतो, चार ओळींच्या पुढे जात नाही. पुन्हा बसेन.

इथे माझं बरं चाललं आहे. अक्काच्या इमारतीत लिफ्ट नाही, म्हणून मी पाण्याचा पंप दुरुस्त करून दिला. आता बाजूच्या इमारतीतलेही बोलावतात.

तू येऊ का म्हणून विचारलंस. अक्का म्हणते बोलाव. मी तिला म्हटलं, इतक्यात नको. तू समोर बसलीस की मी प्रत्येक शब्द तोलून बोलेन, आणि तुझ्याशी तसं बोलणं मला सहन होणार नाही. थोडे दिवस जाऊ देत. माझ्या जिभेची ही अढी गेली की मीच कळवीन.

वेळेवर जेवत जा. वहिनीला म्हणावं, घशाला गरम पाणी घे.

आणि हे पत्र तुला लिहिलं आहे. कुणाला दाखवू नकोस, तुझ्यापाशीच ठेव.

बाबा